पांढऱ्या कार्पेटवर सायकल

नंदाताईंनी हळदीकुंकवाला मुद्दाम तोच शनिवार धरला. दोन हजार आठ साली संक्रांत ते रथसप्तमी या काळात शनिवार काही कमी नव्हते, आणि अमेरिकेतल्या शॉमबर्गच्या थंडीत कुणाला कुठे जायचंही नव्हतं. पण ज्या शनिवारी वीणाची सायकलची शर्यत होती, नेमका तोच नंदाताईंना ‘सगळ्यांच्या सोयीचा’ वाटला. सगळ्या बायकांना ईमेल गेली: काळी साडी नेसून या, वाण घेऊन जा, पुरुषमंडळींची सोय बेसमेंटमध्ये. वीणाला ईमेल नाही, फोन आला.

“तिळाच्या वड्या तू कर गं. तुझ्या खुसखुशीत होतात.”

“त्या दिवशी माझी शर्यत आहे ताई. तुम्हाला माहितीये ते.”

“माहितीये ना. पण वड्या काय, आदल्या दिवशीही होतात.”

म्हणजे बाई नसली तरी चालेल, वड्या पाहिजेत. वीणाने फोन ठेवला आणि ओट्यावर मूठ आपटली. मूठ दुखली. नंदाताईंना काही झालं नाही. त्यांना कधीच काही होत नसे.

नंदाताई म्हणजे वीणाची नणंद, शैलेंद्रची थोरली बहीण. अमेरिकेत येऊन त्यांना वीस वर्षं झालेली. चार बेडरूमचं घर, खाली बेसमेंट, दारात दोन गाड्या आणि दिवाणखान्यात भिंतीपासून भिंतीपर्यंत पांढरंशुभ्र कार्पेट. त्या कार्पेटवर पाहुण्यांनी कुठून कुठे चालायचं हेसुद्धा त्यांनी ठरवून दिलेलं. शैलेंद्र त्यांच्याच शब्दावर इकडे आला होता आणि अजून त्यांच्याच शब्दावर चालत होता. बाहेर कंपनीत पन्नास माणसांना कामाला लावायचा, पण ताई खोकल्या तरी हा पाण्याचा ग्लास घेऊन उभा.

आणि वीणा? वीणा पुण्याहून आली तेव्हा तिच्या पासपोर्टवर जो व्हिसा चिकटवला त्याचा अर्थ एवढाच, की ही बाई नवऱ्यावर अवलंबून आहे. नोकरी करायची नाही, कमवायचं नाही. घरात एक गाडी, ती शैलेंद्र सकाळी घेऊन जाणार. दुसरी गाडी ग्रीन कार्ड आल्यावर. घर ग्रीन कार्ड आल्यावर. वीणाचा अभ्यासक्रम ग्रीन कार्ड आल्यावर. पाच वर्षं ते कार्ड येतंय. तोवर बाईने काय करायचं? खिडकीतून पार्किंग लॉट बघत बसायचं.

वीणा नाही बसली. कुणीतरी कचरापेटीपाशी टाकून दिलेली एक जुनी सायकल तिने उचलून आणली, नीट केली आणि दूध आणायला निघाली. पुण्यात शाळेपासून कॉलेजपर्यंत तिने सायकलच हाणली होती, तिला त्यात काय नवल? उन्हाळ्यात कुणी काही बोललं नाही. उन्हाळ्यात सायकल म्हणजे व्यायाम. पण नोव्हेंबरात बर्फ पडला आणि बाई तरीही सायकलवर दिसली, डोक्याला माकडटोपी, कॅरिअरला तुरीच्या डाळीची पिशवी, तेव्हा गावभर झालं.

गंमत बघा. त्याच बर्फात गोरा माणूस सायकल घेऊन उतरला की तो साहसी. त्याचे फोटो छापून येतात. वीणा उतरली की, “काय हो, शैलेंद्रची नोकरी गेली का?”

हे वाक्य नंदाताईंनी एक जानेवारीला आपल्या घरी जेवणाच्या टेबलावर सगळ्यांसमोर म्हणून दाखवलं.

“सुलेखाकाकूंनी मला देवळात अडवून विचारलं. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. एवढा तिचा नवरा मॅनेजर, आणि ही गोल्फ रोडवरून कांद्याची पिशवी लटकवून चाललीये, बाजूने ट्रक चाललेत. शैलू, तू हिला काही बोलत का नाहीस?”

“मी बोललो ताई,” शैलेंद्र पोळीचा तुकडा मोडत म्हणाला.

“काय बोललास?” वीणाने विचारलं. “मला तरी सांग.”

शैलेंद्रने तुकडा तोंडात टाकला. तोंडात घास असला की बोलावं लागत नाही, हा त्याचा जुना उपाय.

“आणि आता म्हणे शर्यत!” नंदाताई हसल्या. “गोठलेल्या तळ्यावर! त्या म्हाताऱ्या दुकानदाराबरोबर त्याच्या व्हॅनमधून जाणार म्हणे. लोक काय म्हणतील याचा विचार आहे का?”

“लोकांना विचार करायला दुसरं काही नाही का?”

“आई, प्लीज,” बारा वर्षांची प्रीता ताटाकडे बघत म्हणाली. “इट्स सो एम्बॅरसिंग. माझ्या बसमधून सगळे बघतात तुला.”

हे मात्र लागलं. नंदाताईंचं बोलणं वीणा अंगाला लावून घेत नसे, पण पोरीचं आत गेलं. तोंडातून शब्द निघून गेले.

“बघू देत. मी ती शर्यत पुरी करून दाखवते.”

नंदाताई याचीच वाट बघत होत्या. त्यांनी पदर सावरला, हात पुसले.

“बरं. पुरी कर. पाचच्या पाच फेऱ्या. केल्यास तर मी तुझ्या सायकलबद्दल आयुष्यात परत एक अक्षर काढणार नाही. नाही केल्यास तर सायकल विकायची. दुसऱ्याच दिवशी. शैलू, बरोबर आहे ना?”

सगळ्यांनी शैलेंद्रकडे पाहिलं. त्याने पाण्याचा घोट घेतला.

“ठीक आहे ना,” तो म्हणाला. “फेअर आहे.”

फेअर! ज्याची सायकल नाही, ज्याची नणंद नाही, त्याला फेअर म्हणायला काय जातं?

त्या दिवसापासून ती सायकल म्हणजे सायकल उरली नाही. वीणाला दाराबाहेर काढणारी ती एकच वस्तू होती. ती गेली की पुन्हा खिडकी आणि पार्किंग लॉट.

दुकानदार म्हणजे वॉल्टर. साठी ओलांडलेला, फाटक्या तोंडाचा, गिऱ्हाइकाला सुद्धा शिव्या देणारा. वीणा त्याच्याकडे पहिल्यांदा गेली ती बर्फावर दोनदा आपटून, गुडघा सोलवटून. त्याने तिचे टायर अंगठ्याने दाबून पाहिले आणि ओरडला, “हे काय, दगड भरलेत का?” पुण्याची सवय. टायर कसा टणक पाहिजे, नाहीतर पंक्चरवाला हसतो. पण बर्फावर सगळं उलटं. टायर मऊ पाहिजे, बसका, म्हणजे तो बर्फ धरतो. वीणा हे शिकली. जुन्या टायरला आतून बाहेर छोटे स्क्रू मारायचे, टोकं बाहेर काढायची, आत स्क्रूच्या डोक्यांवर जाड चिकटपट्टी लावायची म्हणजे ट्यूब फाटत नाही, हेही शिकली. असा टायर बर्फावर मांजराच्या नखासारखा रुततो. ती त्याच्या दुकानात दुपारी काम करायची, फुकट, कारण पैसे घेतले तर व्हिसा जाईल. वॉल्टर म्हणायचा, तुमच्या सरकारला अक्कल नाही. वीणा म्हणायची, ते तुमचंच सरकार आहे.

त्यानेच तिला सांगितलं की बर्फातली सायकल म्हणजे एक खेळ नाही, तीन-चार खेळ आहेत आणि प्रत्येकाला वाटतं बाकीचे मूर्ख आहेत. कुणी चाकं काढून तिथे स्की बसवतो आणि टेकडीवरून घसरत येतो. कुणी हत्तीच्या पायासारखे जाड टायर लावून मऊ बर्फातून रानात शिरतो आणि दिवसभर येत नाही. आणि कुणी स्क्रूचे टायर घेऊन गोठलेल्या तळ्यावर गोल गोल शर्यत लावतो.

“आणि मी?” वीणाने विचारलं होतं. “मी दूध आणायला जाते ते?”

“त्याला खेळ म्हणत नाहीत,” वॉल्टर म्हणाला. “त्यात बक्षीस नसतं.”

शर्यतीच्या आदल्या संध्याकाळी वीणा वड्या थापत होती. पाक हातावर चिकटलेला, खसखशीसारखे तीळ सगळ्या ओट्यावर उडालेले. सायकल बाल्कनीत होती. थंडीतली सायकल थंडीतच ठेवायची, उबेत आणली की आत ओल धरते आणि बाहेर गेल्यावर ती ओल गोठते, हे तिने घरात दहा वेळा सांगून झालं होतं. ऐकतंय कोण?

सात वाजता नंदाताई वड्या न्यायला आल्या. बूट न काढता आत. स्वतःच्या घरात कार्पेटवर मोज्यांनी चालायला लावणारी बाई दुसऱ्याच्या घरात बुटाचा चिखल घेऊन फिरते, हे वीणाने शंभरदा पाहिलं होतं.

“बाथरूमला जाऊन येते गं,” म्हणून त्या आत गेल्या त्या बऱ्याच वेळाने आल्या. डोक्याला नेहमीसारखं चोपडून तेल, वेणी घट्ट. एक वडी तोंडात टाकली.

“जरा कडक झाल्यात. असो. उद्या जपून हं. पडलीबिडलीस तर इन्शुरन्सवाले विचारतील, तळ्यावर काय करत होतात.”

“तुम्ही काळजी करू नका ताई.”

“मी कुठे करतेय?” नंदाताई दारातून म्हणाल्या. “परवा रविवार आहे. सायकल विकत घ्यायला एक मुलगा तयार आहे. मी बोलून ठेवलंय.”

वीणाने दार लावलं ते कडी हलेल असं.

सकाळी उठून पाहते तर सायकल बाल्कनीत नव्हती. दिवाणखान्यात हीटरच्या झरोक्याला टेकवून ठेवलेली. कुणीतरी तिला पुसून लख्ख केलेलं. खाली शैलेंद्रचं जुनं बनियन पडलेलं. वीणाच्या डोक्यात तिडीक गेली.

“ही आत कुणी आणली?”

शैलेंद्र पांघरुणातून म्हणाला, “किती घाण झाली होती. बाल्कनीत बर्फ पडत होता.”

“मी सांगितलं नव्हतं?”

“सांगितलं असशील.”

खाली वॉल्टरचा भोंगा वाजला. भांडायला वेळ नव्हता. तिने सायकल खांद्यावर घेतली आणि जिना उतरली.

तळं वर विस्कॉन्सिनमध्ये होतं, दीड तासावर. व्हॅनमध्ये हीटर फुल्ल, मागे सायकल आडवी. वीणा पोचली तेव्हा तळ्यावर सरळ पिकअप ट्रक उभे केलेले. ट्रकचं वजन पेलतं मग आपलं काय, असं मनात म्हणूनही पहिलं पाऊल टाकण्याआधी तिने टाच आपटून पाहिलीच. मधूनमधून बर्फ खालून गुरगुरायचा, लांबवर काहीतरी तडकल्यासारखा. बाकी कुणी त्याकडे बघतही नव्हतं.

टेकडीवरून स्कीवाले उतरत होते. बसायला सीट, हातात हॅन्डल, पायात छोट्या स्की, आणि चाकाच्या जागी लांब पट्ट्या. वळताना एका अंगावर झुकले की पांढरा फवारा उडायचा. त्यांचा म्होरक्या खालच्या लोकांना ओरडून म्हणाला, “पेडल कसली मारताय गाढवांनो? टेकडी कशाला दिलीये?” पलीकडे झाडीत जाड टायरवाले निघाले होते, मागे तंबू, स्टोव्ह, झोपायच्या पिशव्या बांधून. ते स्कीवाल्यांकडे तुच्छतेने बघत होते, आणि तळ्यावरचे स्क्रूवाले दोघांकडेही. एका देशाचे, एका रंगाचे, एकाच थंडीत कुडकुडणारे लोक, पण चाकावरून जाती पाडलेल्या! वीणाला घरची आठवण आली.

सुरुवातीच्या रेषेवर ती उभी राहिली तेव्हा बाजूचा दाढीवाला तिच्या सायकलकडे बघून हसला. त्याच्या दाढीला बर्फ लोंबत होता.

“ही कुठल्या म्युझियममधून आणलीस?”

“तुझ्या आजोबांकडून,” वीणा म्हणाली.

वॉल्टरने तिला आधीच बजावलं होतं. नियम साधा आहे. सायकल मोडली तर उचल आणि पळ. फेऱ्या पुऱ्या झाल्या पाहिजेत आणि शेवटची रेषा ओलांडताना सायकल तुझ्यासोबत पाहिजे. बस.

शिट्टी झाली. पहिली फेरी अशी गेली की वीणाला स्वतःचाच हेवा वाटला. स्क्रू बर्फात करकर रुतत होते, वळणावर सायकल हलायला तयार नाही. नाकातला श्वास आत जाताना टोचत होता. पाठीवर वारा होता तेव्हा तिने तिघांना मागे टाकलं. दाढीवाला चौथा. त्याच्या बाजूने जाताना तिने नुसती घंटी वाजवली. दूध आणायच्या सायकलला घंटी असते.

दुसऱ्या फेरीच्या मध्यावर तिने पेडल मारलं आणि पाय सटकन खाली गेला. चाकाला काही पोचलंच नाही. पुन्हा मारलं. पुन्हा पोकळ. साखळी फिरतेय, दाते फिरतायत, चाक आपलं स्वस्थ. जणू पाणी नसलेल्या विहिरीत रहाट फिरवावा. वेग कमी झाला, थांबला. दाढीवाला जवळून गेला.

“घरी चालत जा बाई!”

वीणाने त्याला मराठीत अशी शिवी दिली की पुण्यात असती तर सभ्य घरातून बाहेर काढली असती.

ती उतरली. हातमोजा काढून मागच्या दातेरी चक्राशी बोट घातलं. चक्राच्या आत दोन बारीक खिट्ट्या असतात, त्या उघडून चाकाला पकडतात, तेव्हाच पेडलचा जोर चाकाला लागतो. त्या खिट्ट्या आतल्या आत चिकटून बसल्या होत्या. चक्राच्या फटीतून पांढरं काहीतरी आलेलं, मेणासारखं. ग्रीस असं नसतं. वॉल्टर धावत आला, वाकून बघायला लागला.

“हे काय आहे? मेणबत्ती वितळवलीस का आत?”

मदत करायची परवानगी त्याला नव्हती, तो नुसता बघत होता. वीणाने नखाने ते पांढरं खरवडलं, तळहातावर घेतलं, दुसऱ्या हाताने झाकून त्यावर तोंडातली वाफ सोडली. क्षणात त्याचं पाणी झालं. तिने हात नाकाशी नेला.

खोबरेल.

ज्या घरात मोठी झाली त्या घराचा वास. थंडीत बाटलीत थिजतं, मग बाटली उन्हात ठेवायची, नाहीतर गरम पाण्यात. इथे शॉमबर्गमध्ये ती निळी बाटली बाथरूममध्ये हीटरच्या झरोक्यावर ठेवलेली असते. बाथरूममध्ये! आणि काल बाथरूममध्ये कोण जाऊन बसलं होतं? चोपडून तेल लावलेली वेणी डोळ्यांसमोर आली.

“मेली,” वीणा म्हणाली. “डोक्याला लावते ते माझ्या सायकलीला लावलं.”

तिने जाकिटातला थर्मास काढला. आत चहा होता, आलं घातलेला, दूध-साखरेचा, शर्यत संपल्यावर पिण्यासाठी. तो तिने चक्रावर ओतला. वाफेचा लोट उठला. वॉल्टर म्हणाला, “देवा रे.” खिट्ट्या सुटल्या. टकटक आवाज आला. वीणा टांग मारून निघाली. अर्धी फेरी झाली आणि चहाही गोठला. आता खोबरेल, त्यावर चहा, त्यावर बर्फ. आता तर तिथे देवही हात घालू शकला नसता.

तिने सायकल खांद्यावर घेतली आणि पळायला लागली.

स्क्रू नव्हते बुटाला. दर दहा पावलांना पाय सुटत होता. दोनदा गुडघ्यावर पडली, एकदा तोंडावर, ओठ फुटला. मग खांद्यावरून उतरवून ढकलायला लागली, सायकलचा आधार घेतला की पाय सरत नाही हे कळलं. तिसरी फेरी. बाकीचे संपवून कॉफी पीत होते. चौथी. स्कीवाले टेकडीवरून उतरून तिला बघायला कडेला उभे राहिले. एक म्हणाला, सोड. एक म्हणाला, ही वेडी आहे. वीणाच्या डोळ्यांसमोर ना ते होते ना तळं. पांढरं कार्पेट होतं, त्याच्यावर उभ्या राहून नंदाताई कुणा पोराला सायकल दाखवत होत्या, टायर अंगठ्याने दाब म्हणत होत्या. पाचव्या फेरीला तंबू उतरवायला लागले होते. रेषेवरचा माणूस घड्याळ खिशात घालून निघाला होता, वॉल्टरने त्याला कॉलरला धरून परत उभा केला.

वीणा आणि सायकल रेषेपलीकडे गेल्या तेव्हा टाळी वाजवायला कुणी उरलं नव्हतं.

“शेवटची,” रेषेवरचा माणूस म्हणाला.

“पुरी झाली का ते सांग,” वीणा म्हणाली.

“झाली.”

परतताना व्हॅन शर्यतीच्या तंबूंनी आणि टेबलांनी भरली होती, सायकल मागे बाहेरच्या रॅकवर. वीणाने वॉल्टरला आपलं घर नाही, नंदाताईंचा पत्ता सांगितला.

“तिथे काय आहे?”

“हळदीकुंकू.”

“म्हणजे काय?”

“बायका एकमेकींना तीळगूळ देतात आणि गोड बोला म्हणतात.”

वॉल्टरने तिच्या फुटलेल्या ओठाकडे पाहिलं आणि व्हॅनचा वेग वाढवला.

दार प्रीताने उघडलं. आत्याने तिला परकर-पोलकं घातलं होतं, हातात तिळगुळाची वाटी. तिने आईकडे पाहिलं, आईच्या खांद्यावरच्या सायकलकडे पाहिलं.

“आई, यू स्मेल लाइक चाय.”

“बाजूला हो.”

दिवाणखान्यात काळ्या साड्याच काळ्या साड्या. सगळ्यांच्या हातात वाणाचे प्लास्टिकचे डबे. वीणा बुटांसकट आत शिरली आणि सायकल थेट कार्पेटच्या मधोमध, जमिनीतल्या गरम हवेच्या जाळीवर उभी केली.  सुलेखाकाकूंच्या हातातली कुंकवाची कोयरी तशीच राहिली.

नंदाताईंच्या तोंडून आधी एकच शब्द निघाला. “कार्पेट!”

“काल बाथरूममध्ये काय करत होतात ताई?”

“काय?”

“निळी बाटली. माझ्या चाकात खोबरेल ओतलंत ना? तळ्यावर थिजलं ते. तीन फेऱ्या ही सायकल घेऊन पळालेय मी. बघा, हे बघा तोंड माझं.”

“तुझं डोकं फिरलंय,” नंदाताई म्हणाल्या. त्यांचा चेहरा लाल झाला होता, पण चोरी पकडल्याचा लाल नव्हता तो. “मी तुझ्या त्या घाणेरड्या यंत्राला हात लावीन? मी? आणि पळालीस म्हणजे? चालवली नाहीस! ढकलत आणलीस! ऐकलंत सुलेखाकाकू? शर्यत सायकलची होती. शैलू! शैलू, वर ये!”

बेसमेंटमधून शैलेंद्र आला, मागे जिन्यात दोन-तीन पुरुष, एकाच्या हातात बिअर. सगळ्यांनी पुन्हा शैलेंद्रकडे पाहिलं. या वेळी त्याच्या तोंडात घास नव्हता.

“सांग हिला,” नंदाताई म्हणाल्या. “उद्या सायकल विकायची. ठरलं होतं.”

शैलेंद्र सायकलकडे बघत होता. मग त्याने चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

“तेल मी घातलं,” तो म्हणाला.

“तू?”

“कुरकुरत होती ती. आमच्या घरी शिवणयंत्राला, कुलपाला, सायकलला हेच घालायचे बाबा. मला वाटलं…” तो थांबला. बहिणीकडे त्याची नजर गेली आणि परत आली. “मला वाटलं, तू पुरी करावीस.”

 एखादी दुसरी बाई असती तर तिथेच रडली असती, आणि सगळ्या काळ्या साड्यांनी डोळ्यांना पदर लावला असता. वीणाला रडू आलं नाही. आतून नुसता जाळ उठला.

“पुरी करावी असं वाटत होतं, तर एक जानेवारीला तोंड उघडायचं होतंस. या टेबलावर. हिच्यासमोर. तेव्हा फेअर म्हणालास. आणि रात्री चोरासारखा बाटली घेऊन बसलास? मी सांगून सांगून थकले, सायकल बाहेर ठेव. ऐकलंस? एकदा तरी विचारलंस मला, वीणा, काय घालू?”

“मदतच करत होतो ना.”

“पाच वर्षं माझी मदतच चालवलीये तुम्ही सगळ्यांनी.”

“म्हणजे माझ्या पाठीमागे तू हिच्या बाजूने होतास?” नंदाताई भावावर उलटल्या. “माझ्याच घरात जेवून?”

“ताई, तसं नाही…”

“मग कसं? आणि ठरलंय ते ठरलंय. चालवून पुरी केली नाही तिने. उद्या तो मुलगा येतोय.”

तेवढ्यात खाली बारीक टपटप आवाज झाला. सगळ्यांच्या माना वळल्या. जाळीतून गरम हवा येत होती. चक्रातून वितळलेलं तेल, त्यात काळं ग्रीस, त्यात चहा, त्यात रस्त्यावरचं मीठ, असं सगळं एकत्र होऊन थेंबाथेंबाने पांढऱ्या कार्पेटवर उतरत होतं. डाग बशीएवढा झाला होता आणि पसरतच होता. खोलीभर खोबरेलाचा वास सुटला.

वीणाने हाताने पेडल मागे फिरवलं. टकटकटक. पुढे दाबलं. चाकाने धरलं.

“अगं उचल ती! उचल आधी!” नंदाताई किंचाळल्या.

“उचलते ना.” वीणाने हॅन्डल धरलं. “आणि त्या मुलाला सांगा, विकत घ्यायची असेल तर आधी पकडून दाखव.”

तिने सायकल वळवली. स्क्रूच्या टोकांनी कार्पेटमधले धागे ओढून निघाले, दारापर्यंत दोन रेघा. मागून सुलेखाकाकूंचा हळू आवाज आला, “खोबरेलाचा डाग जातो का हो कशाने?” 

प्रीता दारात वाटी घेऊन उभी होती. तिने एक वडी उचलून आईच्या फुटक्या ओठांकडे धरली. वीणाने दातांनी घेतली. कडक होती. नंदाताई त्याबाबतीत खोटं बोलल्या नव्हत्या.

बाहेर अंधारायला लागलं होतं. वॉल्टर गेला होता. रस्त्यावर दिवसभराचा बर्फ दाबून दाबून काचेसारखा झालेला, आणि वीणाचे स्क्रू त्यात करकरत रुतत होते. दुसऱ्या वळणावर मागून गाडीचा उजेड आला. शैलेंद्रने काच खाली केली आणि तिच्या बाजूने हळूहळू गाडी चालवायला लागला.

“वीणा, बस गाडीत. सायकल डिकीत टाकू.”

ती पेडल मारत राहिली.

“थंडी किती आहे बघ. लोक बघतायत. वीणा, ऐक ना. आता काय करू मी, सांग.”

तिने पहिल्यांदा त्याच्याकडे वळून पाहिलं. विचारलं होतं त्याने. उशिरा, रस्त्यात, काचेतून, पण विचारलं होतं.

“मागे राहा,” ती म्हणाली. “आणि लाइट मोठा कर. मला पुढचा रस्ता दिसत नाहीये.”

गाडी मागे गेली. लाइट मोठा झाला. वीणाची लांब सावली बर्फावर तिच्या पुढे पळायला लागली, आणि मागचा एक ट्रक शैलेंद्रच्या नावाने भोंगा वाजवायला लागला. वाजवू दे. तिने वेग मुळीच वाढवला नाही.